न्यू हेवनची तालीम की ब्रुकलिनचा फेरा?

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ब्रॉडवेच्या, म्हणजे न्यूयॉर्कच्या मुख्य व्यावसायिक रंगभूमीच्या, निर्मात्यापुढे दोन वाटा असत. पहिली, प्रयोग न्यूयॉर्कबाहेर घासूनपुसून घेण्याची. दुसरी, शहरातल्याच वस्त्यांमधल्या थिएटरांची, म्हणजे 'सबवे सर्किट'ची.

न्यू हेवनचं शूबर्ट थिएटर 1914 चं, न्यूयॉर्कपासून साधारण 120 किलोमीटरवर. इथे गाणी कापायची, प्रवेश हलवायचे, मग बोस्टनला जायचं. 11 मार्च 1943 ला इथे 'अवे वुई गो!' नावाने लागलेलं संगीतक 31 मार्चला ब्रॉडवेवर 'ओक्लाहोमा!' म्हणून आलं. वीस दिवसांत एवढी दुरुस्ती! पण खर्च जबर: नेपथ्य, वेशभूषा, वाद्यं आणि अख्खी मंडळी हलवायची, वर हॉटेलं. शिवाय नवं गाणं घातलं की वादकांसाठी स्वरलिपीच्या प्रती रातोरात लिहून काढायच्या. तिथे घोटाळा झाला की प्रयोगच अडखळतो.

सबवे सर्किटवर, म्हणजे न्यूयॉर्कमधल्याच ब्रुकलिनचं मॅजेस्टिक (1904) किंवा ब्रॉन्क्स ऑपेरा हाऊस (1913) इथे, नट रात्री घरी झोपत, सामान ट्रकने येई. मात्र ब्रॉडवे एवढ्या जवळ असल्यावर फसलेल्या प्रयोगाची बातमी लपणार कशी? म्हणून ही थिएटरं बहुतेकदा ब्रॉडवेवरून उतरलेल्या नाटकांना, स्वस्त तिकिटांत, शोभली. रंगमंच लहान असला की नेपथ्याला कात्री लागे, ते वेगळंच.

कच्च्या संहितेला न्यू हेवनच बरं. पुढे बोलपटांनी वस्तीतली थिएटरं गिळली. मॅजेस्टिक मात्र 1987 मध्ये ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रूकच्या 'महाभारता'साठी पुन्हा उघडलं.