स्पेक्ट्रम की कमोडोर ६४? बेसिक लिहू पाहणाऱ्यासाठी

सिंक्लेअरचा स्पेक्ट्रम आणि कमोडोर ६४, ही दोन्ही यंत्रं १९८२ची. जुन्या आठ-बिटी संगणकावर बेसिक या प्रोग्रामिंगच्या भाषेत हात बसवायचा म्हटलं की गाडी बहुधा याच दोघांपाशी येऊन थांबते. प्रोसेसर, मेमरी वगैरे तुम्ही वाचलंच असेल. मी दोन्ही वापरले आणि एक ठेवला.

कागदावर कमोडोर सरस, यात वाद नाही. आठ स्प्राइट, म्हणजे पडद्यावर हवी तशी हलवता येणारी छोटी चित्रं, थेट हार्डवेअरमधून मिळतात. बॉब यानेस यांनी घडवलेल्या सिड या आवाजाच्या चिपच्या तीन आवाजांपुढे स्पेक्ट्रमचा बीपर म्हणजे डासाची गुणगुण. शिवाय स्पेक्ट्रमवर आठ बाय आठ ठिपक्यांच्या चौकटीत दोनच रंग मावतात, त्यामुळे हिरव्या झाडापुढून लाल माणूस गेला की एकाचा रंग दुसऱ्याला लागतो.

माझं घोडं अडलं ते मात्र साध्या वर्तुळापाशी. स्पेक्ट्रमवर ‘सर्कल १२८,८८,५०’ लिहिलं की पडद्याच्या मधोमध वर्तुळ हजर. कमोडोरच्या बेसिकमध्ये असा आदेशच नाही. रेघेसाठी नाही, ठिपक्यासाठीही नाही. कमोडोरच्याच आधीच्या व्हिक-२० या संगणकातलंच बेसिक इथे पुढे चालवलेलं. मग काय, मेमरीतल्या ५३२६५ या पत्त्यावर पोक करून, म्हणजे थेट आकडा लिहून, चित्रांचा मोड चालू करा, ५३२७२ वर पोक करून चित्राची जागा सांगा आणि तिथले आठ हजार बाइट एकेक करून शून्य करा. फॉर-नेक्स्ट या पुनरावृत्तीच्या आदेशातून ही झाडलोट चालते तेव्हा पडद्यावरचा कचरा वरून खाली रेंगाळत पुसला जातो, आणि आपण हातावर हात ठेवून बघत बसायचं. एवढं करून नुसती पाटी कोरी झाली. ठिपका कुठल्या बाइटच्या कुठल्या बिटात पडेल हे गणित अजून बाकीच! सिडची तीच तऱ्हा: एवढी गुणी चिप, पण एक स्वर काढायलाही चार-पाच पत्त्यांवर पोक. स्पेक्ट्रमवर ‘बीप १,०’ म्हटलं की सेकंदभर सूर लागतो.

स्पेक्ट्रम नखरेल नाही असं नाही. तिथे आदेश अक्षरं जुळवून लिहिता येत नाहीत, एका कळीतून अख्खा शब्द उमटतो. पी दाबून प्रिंट येतं ते ठीक, पण सर्कलसाठी दोन्ही शिफ्ट एकदम दाबा, मग सिंबल शिफ्टसह एच. रबरी कळांवर ही कसरत सुरुवातीला वैताग आणते. माझ्या बोटांना जागा लवकर पाठ झाल्या. पोकचे आकडे मात्र दर वेळी पुस्तकात बघावे लागले. शिवाय चुकीची ओळ स्पेक्ट्रम एंटर दाबताच अडवतो, कमोडोरला चूक कळते ती प्रोग्राम चालवल्यावर.

ओढा खेळांकडे किंवा संगीताकडे असेल तर माझं मत बाजूला ठेवून कमोडोर घ्या. बेसिक सोडून थेट प्रोसेसरच्या मशीन भाषेत लिहिणार असाल तर माझी तक्रारही उरत नाही. पण यंत्र चालू केल्यावर दहा-बारा ओळींत पडद्यावर काही उमटावं असं वाटत असेल, तर मी ४८के (४८ किलोबाइट मेमरीचा) स्पेक्ट्रमच सुचवेन. आधी एम्युलेटरवर (आजच्या संगणकावर जुन्याची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामवर) बघणार असाल, तर स्पेक्ट्रमच्या कळफलकाचं चित्र समोर ठेवून बसा, नाहीतर शब्द शोधता शोधता कंटाळून उगाच कमोडोरकडे वळाल.