हायकोर्टाजवळचं टायपिंग-झेरॉक्सचं दुकान, 5 स्टार

बाबा बसवर कंडक्टर होते, प्रमोशनची ऑर्डर निघाली पण वाढीव पगार काही लागला नाही, रिटायर झाले तरी नाही, म्हणून नागपूर खंडपीठात केस टाकायची होती. सिव्हिल लाइन्समधल्या या दुकानातल्या काकांनी कडा फाटलेली ती जुनी ऑर्डर हाताने सरळ करून काचेवर ठेवून झेरॉक्स केली, फीडरमध्ये नाही टाकली, वर पानांना नंबर देऊन इंडेक्सही टाईप करून दिला. बाबांना आधी खुर्ची दिली, पाणी विचारलं, लय बरं वाटलं. सकाळीच जा, नंतर गर्दी असते. आणि उशीर करू नका बाप्पा, पगाराची थकबाकी साधारण केस टाकायच्या आधीच्या 3 वर्षांचीच मिळते, सुप्रीम कोर्टाचा 2008 चा तरसेम सिंग निकाल आहे तसा.