डोंगल ठेवावं की ऑनलाइन लायसन्स घ्यावं?

गाडी लिफ्टवर आणि गाडी तपासायच्या सॉफ्टवेअरच्या स्क्रीनवर ‘सिक्युरिटी की सापडत नाही’ असा मेसेज आला, की डोंगलचा (सॉफ्टवेअरचं लायसन्स असलेल्या यूएसबी कीचा) कंटाळा येतो आणि ऑनलाइन लायसन्स बरं वाटू लागतं. पण आधी दोष कुठे आहे ते शोधा. बरेचदा डोंगल ठणठणीत असतं.

सेंटिनेल हॅस्प जातीच्या डोंगलमध्ये एररचा नंबरच बरंच सांगतो. ७ म्हणजे डोंगल दिसत नाही, ३३ म्हणजे रनटाइमपर्यंत (लॅपटॉपवरच्या, डोंगल चालवणाऱ्या प्रोग्रामपर्यंत) पोचता येत नाही, ४१ म्हणजे लायसन्सची मुदत संपली. ७ आला तर आधी डोंगलचा दिवा बघा. विझलेला असेल तर हब बाजूला काढून डोंगल थेट लॅपटॉपला लावा. स्कॅनरचा इंटरफेस (गाडीला जोडायचा डबा) आणि डोंगल एकाच साध्या हबवर असले, तर वीज कमी पडू शकते. दिवा पेटलेला असेल तर ब्राउझरमध्ये localhost:1947 हा पत्ता उघडा. तिथल्या यादीत डोंगल दिसलं, तर ते चालू आहे. पानच उघडलं नाही, तर डोंगल काढून ठेवा, रनटाइम नव्याने इन्स्टॉल करा आणि मगच ते परत लावा.

एवढं करून डोंगल चालू झालं, तर एका लॅपटॉपच्या गॅरेजने ते सोडू नये असं माझं ठाम मत आहे. त्याला इंटरनेट लागत नाही आणि लॅपटॉप बदलला तरी लायसन्स सोबत येतं. जपायचं ते हरवण्यापासून आणि धक्क्यापासून. लॅपटॉप सीटवर ठेवून ईसीयूचं (गाडीतल्या कॉम्प्युटरचं) प्रोग्रामिंग करताना बाहेर आलेल्या डोंगलला कोपर लागलं, तर काम अर्ध्यावर अडकू शकतं. छोटी एक्स्टेन्शन केबल लावा.

ऑनलाइन लायसन्समध्ये यूएसबी पोर्टची कटकट नाही, पण हार्ड डिस्क किंवा मदरबोर्ड बदलला की पुन्हा अ‍ॅक्टिव्हेशन करावं लागू शकतं. नेट नसताना ते किती दिवस चालेल, हे कंपनीकडून लिहून घ्या. दोन-तीन लॅपटॉप असतील तर नेटवर्क डोंगलचाही (एकच डोंगल नेटवर्कवरून सगळ्या लॅपटॉपना चालतं) विचार करा. वायफाय सगळीकडे नीट पोचतं का, तेवढं बघा.

डोंगल सोडायला एक कारण मात्र पुरेसं आहे. विंडोज ११ मधली मेमरी इंटिग्रिटी ही सुरक्षेची सोय डोंगलचे काही जुने ड्रायव्हर लोड होऊ देत नाही. ती बंद करू नका, कंपनीकडे नवा ड्रायव्हर मागा. तो मिळणारच नसेल, तर ऑनलाइन लायसन्स घ्या.