विश्रामबागेतल्या एका बँकेचं गृहकर्ज: हप्ता परवडतो, पण मुदत बघा

सांगलीत फ्लॅट घेणाऱ्यांना इथला अधिकारी आधी हप्ता सांगतो. ३० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षे: हप्ता २६,०३५ रुपये. एकूण फेड मात्र साडेबासष्ट लाखांच्या आसपास, म्हणजे मुद्दलापेक्षा व्याज जास्त. पहिल्या हप्त्यातले २१,२५० व्याजात जातात, मुद्दल फिटतं जेमतेम ४,७८५.

खरी गोम तरत्या, म्हणजे कर्ज चालू असताना वर-खाली होणाऱ्या, व्याजदरात आहे. दर अर्धा टक्का वाढला की हप्ता तोच ठेवून मुदत गुपचूप लांबते. वरच्या कर्जात सुरुवातीलाच दर ९ झाला तर सुमारे २७ हप्ते जादा, म्हणजे सात लाखांचा फटका! हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय बँकेने द्यायलाच हवा, रिझर्व्ह बँकेचा २०२३ चा तसा आदेश आहे. लेखी अर्ज देऊन हप्ताच वाढवून घ्या.

विम्याचा ९०,००० चा एकरकमी हप्ताही इथे कर्जातच घालतात. २० वर्षांत तो १ लाख ८७ हजारांना पडतो. विमा बँकेकडूनच घ्यायची सक्ती नाही. बाहेरून साधा मुदत विमा (टर्म इन्शुरन्स) घ्या.

कागदपत्रं झटपट होतात, कर्मचारी सौजन्याने बोलतात, ते ठीक. सही करण्याआधी मुख्य तथ्य पत्रक, म्हणजे कर्जाच्या अटी-खर्चांचा गोषवारा, मराठीत मागा आणि त्यातला सगळे खर्च धरून काढलेला वार्षिक दर बघा, जाहिरातीतला नको. व्यक्तीने घेतलेल्या तरत्या दराच्या गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही, तेव्हा बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता भरला तरी तीन वर्षांहून जास्त मुदत कमी होते.

पाचपैकी तीन तारे.