लिब्रे हार्डवेअर मॉनिटर: उन्हाळाभर वापरल्यानंतर

संगणकाचं तापमान आणि पंख्यांचा वेग दाखवणारा हा विंडोजवरचा प्रोग्राम. फुकट, ओपन सोर्स आणि इन्स्टॉल करायची भानगड नाही. झिप उघडली की काम सुरू. नागपूरच्या मे महिन्यात व्हिडिओ रेंडरला लावला की प्रोसेसर किती तापतो, पंखे किती जोरात फिरतात, एवढंच मला बघायचं होतं. त्या बाबतीत एका शब्दाची तक्रार नाही.

डोकं फिरवलं ते सेटिंगने. प्रोग्राम बंद करताना 'अ‍ॅक्सेस डिनाइड'ची खिडकी यायची आणि नको म्हणून लपवलेले सगळे सेन्सर पुढच्या वेळी पुन्हा हजर. लॉग, म्हणजे आकड्यांची नोंद, चालू करावा, तर तिची सीएसव्ही फाइलच तयार होत नव्हती.

हा प्रोग्राम सेटिंग साठवणारी कॉन्फिग फाइल आणि रोजचा लॉग, दोन्ही स्वतःच्या एक्सई फाइलशेजारीच (जिच्यावर क्लिक करून तो सुरू होतो) लिहितो. म्हणजे सगळी मदार फोल्डर कुठे ठेवलाय यावर. ज्याला विचाराल तो सांगतो, 'रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर' करा. अहो, सगळे सेन्सर वाचायचे म्हणून तो मुळातच अ‍ॅडमिनच्या हक्काने चालवलेला असतो! फोल्डरच्या प्रॉपर्टीजमधल्या सिक्युरिटी टॅबमध्ये फुल कंट्रोल देऊनही ढिम्म फरक नाही. फोल्डरची रीड-ओन्लीची खूण काढली तरी परत येते. तिच्या नादी लागूच नका, फोल्डरच्या बाबतीत ती लिहिणं अडवत नाही.

अडवणारा निघाला 'कंट्रोल्ड फोल्डर अ‍ॅक्सेस'. फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणाऱ्या रॅन्समवेअरपासून बचावासाठी 2017 मध्ये विंडोज 10 मध्ये आलेली ही सोय एरवी बंद असते. चालू केली की डॉक्युमेंट्स, पिक्चर्स वगैरे फोल्डरांत अनोळखी प्रोग्रामला लिहू देत नाही, मग तो अ‍ॅडमिन का असेना. माझी झिप नेमकी डॉक्युमेंट्समध्ये उघडलेली. विंडोज सिक्युरिटीच्या प्रोटेक्शन हिस्टरीत अडवल्याच्या नोंदींची रांगच होती; इव्हेंट व्ह्यूअरमध्ये त्याच 1123 क्रमांकाने दिसतात. अख्खा फोल्डर सी ड्राइव्हवर 'टूल्स'मध्ये हलवला, विषय संपला. प्रोग्रामला परवानगीच्या यादीतही घालता येतं, पण ती परवानगी त्याच जागच्या फाइलपुरती. नवी आवृत्ती दुसऱ्या फोल्डरात उघडली की पहिले पाढे पंचावन्न.

तापमानाच्या रकान्यात काहीच येत नसेल, तर मात्र दुखणं वेगळं. जुन्या आवृत्त्या विनरिंगझिरो नावाच्या ड्रायव्हरवर (हार्डवेअरशी बोलणारा छोटा प्रोग्राम) चालायच्या. त्यातली सुरक्षेची त्रुटी 2020 पासून नोंदलेली आहे आणि 2025 मध्ये डिफेंडर, म्हणजे विंडोजचा अँटीव्हायरस, त्याला धोकादायक ठरवून बाजूला काढू लागला. तिथे डिफेंडरला अपवाद घालून देऊ नका. नव्या आवृत्तीत पॉनआयओ हा दुसरा ड्रायव्हर आहे, ती घ्या. जुनी कॉन्फिग फाइल तेवढी नव्या फोल्डरात आणून ठेवा.

लॉगचं एक राहिलं. आजची सीएसव्ही थेट एक्सेलमध्ये उघडू नका. एक्सेल फाइल धरून बसतं आणि तेवढ्या वेळाच्या नोंदी गळतात. आधी कॉपी करा, मग ती कॉपी उघडा.