पोकेमॉन बँक की पोकेमॉन होम?

ही दोन्ही वेगवेगळ्या गेममधले पोकेमॉन (खेळातले प्राणी) साठवून ठेवायची ॲप्स. नागपूरच्या फुटाळा तलावावर फेऱ्या मारून ‘पोकेमॉन गो’ या मोबाइल गेममध्ये पकडलेले पोकेमॉन कुठे ठेवायचे, एवढाच प्रश्न असेल तर बँकेचा विचार सोडा भाऊ. तिथे ते जातच नाहीत. होममध्ये जातात, पण गोमध्ये परत येत नाहीत.

बँक ही निन्टेन्डो थ्रीडीएस या हातात धरून खेळायच्या जुन्या यंत्राच्या जमान्यातली. १०० बॉक्स, ३,००० पोकेमॉन. आधी वर्षाची फी होती, मार्च २०२३ मध्ये थ्रीडीएसचं ई-शॉप, म्हणजे ऑनलाइन दुकान, बंद झालं आणि ती फुकट झाली. ग्यानबाची मेख अशी, की ज्यांनी ती आधी उतरवून घेतली होती त्यांनाच ती मिळते. म्हणजे सीताबर्डीत कुठे जुना थ्रीडीएस स्वस्तात दिसला, तरी आधी त्यात बँक आहे का ते बघा आणि मगच पैसे काढा.

होम २०२० चं. निन्टेन्डोचं नवं यंत्र स्विच आणि मोबाइल दोन्हींवर चालतं. फुकटात फक्त ३० पोकेमॉन. पैसे भरले की ६,०००. प्लॅन संपला की फुकटातला ३० जागांचा बेसिक बॉक्स सोडून बाकीच्यांना हात लावता येत नाही, हे मला भाडं थकल्यावर खोलीला कुलूप लावण्यासारखं वाटतं.

बँकेतून होमकडे नेताना होमचा प्रीमियम, म्हणजे पैसे भरून घ्यायचा, प्लॅन लागतोच. होम एक कोड दाखवतं, तो थ्रीडीएसवर टाकायचा. हा रस्ताही एकतर्फी, त्यामुळे थ्रीडीएसवरच्या जुन्या गेममध्ये खेळायचे असतील ते पोकेमॉन आधी बाजूला काढा. बाकीचे आत्ताच हलवा, बँक किती वर्षं चालू ठेवतील याचा भरवसा नाही.