एन. दत्ता सीडी सेट - गाणी कडक, छपाईची बोंब

कंपनीचं नाव लिहीत नाही, जुना स्टॉक आहे, ऑनलाइन तीनशेच्या आत मिळाला. दोन सीडी, एक हिंदी एक मराठी.

एन. दत्ता म्हणजे संगीतकार, गोव्याचे दत्ता नाईक. आधी एस. डी. बर्मनांचे असिस्टंट, मग १९५५ च्या मिलापपासून स्वतंत्र. आणि कव्हरवर बघाल तर गीतकार साहिर केवढ्या अक्षरात, लता-रफी-आशा फोटोसकट, आणि ज्याच्या नावाचा सेट आहे तो माणूस खाली कोपऱ्यात, चष्मा लावून शोधावा लागतो! म्हणजे जन्मभर जे झालं तेच इथेपण. साधना, धूल का फूल, धर्मपुत्र, बी. आर. चोप्रांकडे एवढं काम केलं आणि गुमराहपासून तिकडे संगीतकार म्हणून रवी आले.

पहिली सीडी लावलीत की लाइट हाऊसचं 'तंग आ चुके हैं' आधी ऐका. हीच साहिरची गझल वर्षभर आधी प्यासात रफी म्हणतो, आणि प्यासाचं संगीत खुद्द बर्मनदांचं. गुरूने वापरलेले शब्द घ्यायचे, आशाला द्यायचे आणि तरी चाल आपली वाटली पाहिजे, सोपं नाहीये राव. धर्मपुत्रमधलं 'मैं जब भी अकेली होती हूँ' तर हेडफोनवरच ऐका, आशाबाई इतक्या हळू गातात की स्पीकरवर अर्धं निसटतं.

मराठी सीडीत मधुचंद्र आणि अपराध. महेंद्र कपूरचं 'सूर तेच छेडिता' सगळ्यांना पाठ असतं पण संगीतकार विचारा, लोक सरळ बाबूजींचं, म्हणजे सुधीर फडक्यांचं, नाव ठोकतात.

आता तक्रार. हिंदी सीडीत परवरिशचं 'आँसू भरी हैं' घुसवलंय, अहो ते दत्ताराम, दत्ताराम वाडकर, शंकर-जयकिशनकडचे असिस्टंट, ढोलकच्या ठेक्यासाठी प्रसिद्ध! नावात दत्ता दिसला की टाकलं. बुकलेटमध्ये चित्रपटांची वर्षं नाहीत, गीतकार काही ठिकाणी गायब. दोनतीन गाण्यांना उगाच एको मारलाय, ढोलक पत्र्याच्या डब्यासारखा वाजतो.

तरी घ्या. मराठी सीडीचा आवाज जास्त स्वच्छ आहे, तेवढ्यासाठीच पैसे वसूल. साडेतीन स्टार, अर्धा वाडकरांच्या गाण्यासाठी कापला, एक कव्हरसाठी.